भोगीच्या भाजीत मुठिया कशा? तुम्ही विचारलंत म्हणून

पुण्याहून कुणी आलं किंवा फोनवर भोगीचा विषय निघाला की हमखास विचारतात, तुमच्या बडोद्याच्या भोगीच्या भाजीत मुठिया, म्हणजे ते मेथी-बेसनाचे तळलेले मुटके, कशा काय, मग ती भोगीची भाजी राहिली का गुजराती मिश्र भाजीचं उंधियूच झालं? विचारलंतच तर नीट सांगते, कारण आमच्याकडे ही भाजी दरवर्षी होते आणि माझा तिच्यावर फार जीव आहे.

आपली भोगी संक्रांतीच्या आदल्या दिवशी, आणि इथे उत्तरायणला, म्हणजे संक्रांतीलाच, घरोघरी उंधियू. भाज्या बघाल तर दोन्हीकडे वांगी, पापडी, कोवळे दाणे, कंद, सगळा थंडीचाच माल. फरक काय तो मसाल्याचा, आपण तिळाचं-दाण्याचं कूट, गोडा मसाला, चिंच-गूळ घालून रस्सा करतो आणि इथे हिरवा मसाला भरून तेलावर मुरवतात. सासूबाईंनी ते दोन्ही एका पातेल्यात आणलं, मी त्यांच्याकडूनच शिकले.

खंडेराव मार्केटला जाल तर एक लक्षात ठेवा, तिथे रताळू मागितलं तर कोनफळ मिळतं, आतून जांभळं असतं ते, आणि आपलं रताळं हवं असेल तर शक्करिया म्हणायचं. लग्न होऊन आले तेव्हा मी चक्क कोनफळ घेऊन घरी आले होते उपासाला. कोनफळ चिरताना हाताला तेल लावा, नाहीतर खाज सुटते.

आता भाजी. सहा माणसांना पाव किलो सुरती पापडी, वाटीभर तुरीचे लिलवा म्हणजे ओले दाणे, सहा छोटी वांगी, कोनफळ पाव किलो, एक रताळं, दोन गाजरं, मूठभर सोलाणे. पातीचा लसूण, कोथिंबीर, आलं-मिरची, ओलं खोबरं वाटून त्यात दोन चमचे तिळाचं कूट घालायचं आणि ते वांग्यांत भरायचं. अर्धी वाटी तेल तापलं की ओवा, मग पापडी आणि लिलवा, चिमूटभर सोडा, थोडं पाणी, झाकण. कंद वेगळे तळून घ्यायचे म्हणजे रश्श्यात विरघळत नाहीत. पापडी निम्मी शिजली की वांगी, गाजर, सोलाणे, मग दोन चमचे गोडा मसाला, उरलेला हिरवा मसाला आणि कढत पाणी, कंद त्यानंतर.

चिंच-गूळ सगळ्यात शेवटी, म्हणजे दाणा बोटांनी दाबला की फुटतो ना, तेव्हाच. एका वर्षी पाहुणे यायचे होते म्हणून मी घाईत चिंच आधीच घातली आणि दीड तास झाला तरी तूरदाणे कडकच, आंबट पडलं की दाणा शिजायचा थांबतो हे तेव्हा कळलं, पाहुण्यांना तसंच वाढावं लागलं आणि मला फार वाईट वाटलं होतं.

मुठियांचं मात्र सासूबाई कुणावर सोडायच्या नाहीत. एक जुडी मेथी बारीक चिरून मीठ लावायची, पाणी सुटलं की त्यातच बेसन आणि भाखरीचं जाडसर पीठ, तीळ, हळद, किंचित साखर, तेलाचं मोहन, वरून पाणी जवळजवळ नाहीच. मंद आचेवर तळायच्या. पहिली मुठिया झाली की त्या ती अंगठ्याने मधोमध मोडायच्या, आत रवाळ भुगा पडला तर ठीक, पिठाची चिकट रेघ दिसली तर सगळा घाणा परत कढईत. कच्ची मुठिया रश्श्यात गेली की बाहेरून फुगते आणि आत पीठच राहतं, त्यामुळे हे पाहिल्याशिवाय मी अजूनही पुढे जात नाही.

वाढायच्या दहा मिनिटं आधी मुठिया रश्श्यात सोडायच्या, त्या रस पितात आणि रस्सा दाटतो, म्हणून तो आधी थोडा पातळच ठेवा. सोबत तीळ लावलेली बाजरीची भाकरी आणि लोणी, पुरी-जिलेबी दुसऱ्या दिवशी. तर ती उंधियू आहे का भोगीची? आमच्याकडे तिचा नैवेद्य भोगीलाच दाखवतात, म्हणजे भोगीचीच.

पातेलं मोठंच चढवते मी, 14 जानेवारीला गच्चीवर पतंग उडवून सगळे भुकेले खाली येतात तोवर ती आणखी मुरलेली असते. त्यासाठी पाच-सहा मुठिया आधीच डब्यात काढून ठेवायच्या आणि भाजी गरम करताना टाकायच्या, आदल्या दिवशीच्या पार लगदा होतात.