भरती चढताना दिसलेलं निळं पाकट: नागपूरकरांची अंदमानवारी

झिरो माइलच्या दगडापाशी उभं राहून कुठल्याही दिशेला निघा, समुद्र शेकडो किलोमीटर लांबच. मासा म्हणजे रोहू, कतला, फार तर मरळ, आणि तोही सावजी रश्श्यातला. अशा आम्हा नागपूरकरांची टोळी अंदमानला निघाली ती सावरकरांची कोठडी पाहायला. मला मात्र आणखी एक ओढ होती, निळ्या ठिपक्यांच्या पाकटाची. पाकट म्हणजे समुद्रातला चपटा, लांब शेपटीचा मासा.

नागपूरहून रेल्वेने चेन्नई, तिथून विमान. पोर्ट ब्लेअरचं नाव २०२४ पासून श्री विजयपुरम झालंय, पण रिक्षावाल्यापासून हॉटेलवाल्यापर्यंत सगळे जुनंच नाव घेतात. सेल्युलर जेलबद्दल मराठीत इतकं लिहून झालंय की मी त्यात भर घालत नाही. फक्त तिथून बाहेर पडल्यावर आमच्यातलं कोणी बराच वेळ बोललं नाही, एवढं सांगतो.

पुढे बोटीने नील बेट, म्हणजे आताचं शहीद द्वीप. भरतपूर किनाऱ्यावर पोचलो तेव्हा ओहोटी होती आणि पाणी पार मागे सरलेलं. तिथला गाइड मूळच्या बंगाली निर्वासित कुटुंबातला. पाकटाचं नाव काढताच तो हसला, "दादा, अभी नहीं. पानी चढ़ने दो."

त्याच्या म्हणण्यामागे कारण होतं. हे पाकट ओहोटीत प्रवाळांच्या कपारीत, कड्यांखाली दडून बसतं. इतर पाकटांसारखं वाळूत अंग पुरून घेणं त्याला फारसं रुचत नाही. भरती सुरू झाली की उथळ वाळूवर चरायला येतं, कधी कधी घोळक्याने. खेकडे, कोळंबी, शिंपले, वाळूतले किडे हे त्याचं खाणं. गंमत अशी की डोळे पाठीवर आणि तोंड पोटाखाली, म्हणजे काय खातोय ते त्याला दिसतच नाही. मुस्कटावरच्या बारीक छिद्रांतून भक्ष्याच्या अंगातली क्षीण वीज कळते, त्यावर सगळा कारभार.

पाणी कमरेपर्यंत आलं तेव्हा मास्क लावून तोंड पाण्यात घातलं. कड्याखालून आधी दोन पिवळे टपोरे डोळे दिसले, मग गोलसर पिवळट-तपकिरी अंग बाहेर सरकलं. रुंदी जेमतेम एक फूट. ही जात फार मोठी होतच नाही, चकतीची रुंदी ३५ सेंटिमीटरच्या आसपास थांबते. पाठीवर ठिपके असे निळे की आत दिवा लागल्यागत वाटावं. पंखांच्या कडेने लाट फिरवत ते माझ्यासमोरून गेलं. शेजारी आमच्या टोळीतल्या, नागपूरच्या महाल भागातल्या मामी होत्या. त्यांनी मास्क काढला आणि ओरडल्या, "बाप्पा! याच्या शेपटीले काठ शिवले काय जी?"

खरोखरच शेपटीच्या दोन्ही बाजूंनी निळी पट्टी. ओळखायची खूण तीच. अंदमानात निळ्या ठिपक्यांचं आणखी एक पाकट दिसतं, ते जास्त टोकदार कोनांचं, डोळ्यांवर काळपट पट्टा आणि शेपटीवर काळे-पांढरे कडे असलेलं. बरेच पर्यटक त्याचा फोटो काढून हेच म्हणून टाकतात.

या काठाच्या शेपटीवर विषारी काटा असतो, बहुतेकदा दोन. मामींच्या नातवाने लगेच स्टीव्ह आयर्विनची, टीव्हीवर मगरी पकडणाऱ्या त्या ऑस्ट्रेलियन माणसाची, आठवण काढली. २००६ मध्ये त्याचा जीव घेणारं पाकट वेगळ्या, कितीतरी मोठ्या जातीचं होतं. हे आपण होऊन अंगावर येत नाही, पण पाय पडला तर काटा मारणारच. म्हणून उथळ पाण्यात पाय उचलून टाकायचा नाही, वाळूत घासत न्यायचा. काटा लागलाच तर सोसवेल इतक्या गरम पाण्यात पाय बुडवून थेट दवाखाना गाठायचा.

याची पहिली शास्त्रीय नोंद पीटर फोर्स्कोल या निसर्गअभ्यासकाची, तांबड्या समुद्रातली. तो १७६३ मध्ये येमेनमध्ये मलेरियाने गेला. त्याच्या टिपणांचं पुस्तक १७७५ मध्ये छापून आणलं ते कार्स्टन नीबूर या सहकाऱ्याने. दोघं ज्या अरबस्तानच्या मोहिमेवर गेले होते, तिच्यातला तोच एकटा जिवंत घरी पोचला, आणि वाटेत मुंबईला थांबून आपल्या घारापुरीच्या लेण्यांची चित्रंही काढून गेला! मला हे पाकटाइतकंच आवडलं.

नातवाला आता हे घरच्या टाकीत हवंय. सीताबर्डीत मिळेल का, म्हणून विचारत होता. मिळालं तरी घेऊ नका. टाकीत हे बहुतेकदा खाणंच सोडतं आणि धडधाकट दिसता दिसता मरतं.

जाणार असाल तर एजंटला तारखा ठरवू देऊ नका, कालनिर्णय उघडा. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास भरती-ओहोटी मोठी असते. वेळ रोज साधारण पाऊण तासाने पुढे सरकते, ती आदल्या संध्याकाळी किनाऱ्यावर विचारून ठेवा. पाणी चढायला लागलं की उतरा, दुपारच्या जेवणाची वाट पाहू नका. आणि प्रवाळाचा तुकडा बॅगेत टाकू नका. प्रवाळांना कायद्याने संरक्षण आहे आणि विमानतळावर बॅगा उघडून बघतात.