बितोमची ट्राम आणि ह्योल्स्कींचा आवाज

दक्षिण पोलंडमधल्या कातोवित्सेहून बितोमला रेल्वेनंही जाता येतं, पण मी मुद्दाम ट्राम धरली. हा कोळशाच्या खाणींचा मुलूख मला सावकाश बघायचा होता. पोलिश संगीतकार मोन्यूश्कोच्या नावाच्या रस्त्यावर सिलेशियन ऑपेराची जुनी इमारत आहे. तिच्यासाठीच आले होते. पोलिश बॅरिटोन गायक आंजेय ह्योल्स्की इथे गायचे.

ह्योल्स्की 1922 साली ल्वूवला जन्मले. ते शहर तेव्हा पोलंडमध्ये होतं, आज युक्रेनमध्ये आहे. बितोम तर 1945 पर्यंत जर्मनीत होतं. महायुद्धानंतर सीमा सरकल्या, ल्वूवकडची कितीतरी पोलिश कुटुंबं घरदार सोडून इथे आली. अशा दिवसांत आदाम दिदुर या थोर, थकलेल्या गायकानं ऑपेरा उभा केला. युद्ध संपून जेमतेम महिना झाला होता. 14 जून 1945 ला कातोवित्सेत पहिला प्रयोग झाला, मोन्यूश्कोच्या ‘हाल्का’ या ऑपेराचा. लोकांच्या पोटात पुरेसं अन्न नसताना कुणाला गाणं सुचावं, याचं मला फार अप्रूप वाटतं.

‘हाल्का’तला यानुश ही ह्योल्स्कींची गाजलेली भूमिका. डोंगरातल्या गरीब मुलीला फसवणारा हा जमीनदार. त्याच्या तोंडी इतका मऊ, रेशमी आवाज ऐकला की ती का भुलली ते कळतं.

पुढे ते वॉर्साला गेले. 1966 मध्ये जर्मनीतल्या म्युन्स्टरच्या कॅथीड्रलमध्ये पोलिश संगीतकार पेंडरेत्स्कीच्या ‘सेंट ल्यूक पॅशन’चा, म्हणजे ख्रिस्ताच्या यातनांवरच्या संगीतरचनेचा, पहिला प्रयोग झाला, त्यात ख्रिस्ताचं गाणं ह्योल्स्कींकडे होतं. युद्धाला एकवीस वर्षं झाली होती. जर्मन श्रोत्यांसमोर एक पोलिश गायक लॅटिनमध्ये ‘देउस मेउस’, माझ्या देवा, अशी हाक घालतो. भोवतीचे सूर कर्कश होतात, एकमेकांवर आदळतात, आणि मधोमध हा आवाज ताठ उभा राहतो. तीनच वर्षांनी हँबर्गला पेंडरेत्स्कीच्याच ‘डेव्हिल्स ऑफ लूदाँ’ या ऑपेरामध्ये ते ग्रांदिए झाले, चेटूक केल्याच्या आरोपावरून जिवंत जाळलेला पाद्री.

थिएटर दुपारी बंद होतं. समोरच्या फुटपाथवर उभी राहून मी हेडफोन लावले. पोलिश संगीतकार शिमानोव्स्कीच्या ‘राजा रॉजर’ या ऑपेराची ह्योल्स्कींची दोन ध्वनिमुद्रणं आहेत, एक साठच्या दशकातलं, दुसरं 1990 च्या सुमाराचं. शेवटी सगळं गमावलेला सिसिलीचा राजा उगवत्या सूर्याला सामोरा जातो. पहिल्या मुद्रणात तो सूर्याला जिंकायलाच निघालाय असं वाटतं. दुसऱ्यात गाणारा माणूस सत्तरीकडे झुकलेला आहे. सूर किंचित थरथरतो, श्वास लवकर घ्यावा लागतो, पण तो सूर्याला आपलं जे काही उरलंय ते देऊन टाकतो. मला हे दुसरं जास्त भिडतं. तरुण आवाजापाशी एवढं द्यायला नसतंच.

तो भाग मी तीनदा ऐकला. मग चालत ट्रामच्या थांब्यावर आले. उद्या क्राकुवला जायचंय. ह्योल्स्कींनी 2000 साली तिथेच शेवटचा श्वास घेतला.