"ह्या बांडगूळ कित्याक ठेवलात?"

मे महिन्याच्या शेवटी उरलेसुरले आंबे उतरवायला गडी आंब्याच्या कलमावर चढला की वरून हाक येणारच, "काकी, ह्या बांडगूळ कित्याक ठेवलात? तोडू?" मी खालून "नको रे!" एवढंच ओरडते. घळ, म्हणजे आंबे उतरवायची जाळीची काठी, हातात धरून फांदीवर उभ्या असलेल्या माणसाला यापेक्षा जास्त काय समजावणार? तुम्ही मात्र तेच निवांत बसून विचारलंत, म्हणून हे जरा सविस्तर.

ते बांडगूळ नव्हे. ती सीतेची वेणी. कोणी द्रौपदीची वेणी म्हणतात. रामायण की महाभारत या वादात मी पडत नाही. आमरीच्या, म्हणजे ऑर्किडच्या कुळातली ही आपल्या किनाऱ्यालगतच्या रानातली वनस्पती. देवराईत, जुन्या आंब्या-फणसांवर, ऐनावर दिसते. पट्ट्यासारखी जाड, लांबट पानं, टोकाला वेडीवाकडी खाच पडलेली. वर्षभर तिच्याकडे कोणी ढुंकूनही पाहत नाही. पावसाच्या तोंडावर मात्र हातभर लांबीचा घोस खाली लोंबतो आणि त्यात शंभराच्या घरात फुलं, पांढऱ्यावर जांभळट-गुलाबी ठिपके. आंबे उतरवायची आणि तिच्या फुलायची वेळ नेमकी एक, हे तिचं नशीब.

खऱ्या बांडगुळाशी माझं वैरच आहे. त्याची फळं फुलटोच्या हा चिमुकला पक्षी खातो, चिकट बी फांदीला लागतं, आणि तिथून ते झाडाच्या आत मूळ घुसवून पाणी नि क्षार ओढतं. बांडगूळ धरलेली फांदी पुढे पुढे वाळत जाते. ते दिसलं की मी त्याच्या खालून फांदीच कापायला लावते, नुसतं वरवर खरवडून ते पुन्हा फुटतं.

वेणीची मुळं पाहा. पांढुरकी, जाडसर, सालीला बाहेरूनच चिकटलेली. पावसाचा पहिला शिंतोडा आला की बघता बघता हिरवट होतात. मुळावर मेलेल्या पेशींचं स्पंजासारखं आवरण असतं. ते पाणी शोषतं, पारदर्शक होतं आणि आतला हिरवा रंग दिसायला लागतो. पाणी पावसाचं आणि दवाचं, खत म्हणजे सालीवर कुजलेला पालापाचोळा, अन्न तिचं तीच करते. झाडाकडून घेते ती फक्त जागा. फार दाटी झाली तर फांदीला वजन होतं, हे खरं. पण माझ्या कलमावर तीनच आहेत.

त्या आल्या कुठून, तेही सांगते. हायवे रुंद करताना रस्त्याकडेचे जुने आंबे पडले, तेव्हा एकाच्या आडव्या खोडावर ही फुललेली दिसली. झाड पडून तीन दिवस झाले होते, घोस तसाच टवटवीत. तोडणाऱ्याला विचारून पाच झुबके पिशवीत घातले. घरी आणून नारळाच्या सोडणाच्या तुकड्यांवर ठेवले आणि सुंभाने कलमाला बांधले. दोन गेले, तीन जगले. तिसऱ्या वर्षी फुलं आली.

जुनी झाडं गेली की हिची पंचाईत होते. शेंग फुटली की भुकटीसारखं बी वाऱ्यावर जातं, पण त्या बियांत शिदोरीच नसते. योग्य बुरशी भेटली तरच ते रुजतं. खडबडीत साल आणि ती बुरशी एका जागी मिळायला झाड म्हातारं असावं लागतं. नवी रोपं लावून ते लगेच कसं साधणार?

ओळख म्हणाल तर फार जुनी आहे. कोचीच्या डच अधिकाऱ्याने, व्हान ऱ्हीडने, काढलेल्या 'हॉर्टस मलबारिकस' या मलबारच्या वनस्पतींवरच्या ग्रंथाच्या बाराव्या खंडात हिचं चित्र आहे. त्यावरून स्वीडनच्या वनस्पतिशास्त्रज्ञ लिनियसने १७५३ साली हिला शास्त्रीय नाव दिलं. त्याच ग्रंथाच्या १६७८ च्या पहिल्या खंडात रंगभट, विनायक पंडित आणि अप्पूभट या तीन वैद्यांचं नागरी लिपीतलं कोंकणी प्रमाणपत्र छापलेलं आहे. म्हणजे तिचा कागदोपत्री जन्म झाला त्या घरात आपली माणसं होती, असं म्हणायला मला आवडतं. आसामात तर ही राज्यफूल आहे, कपौ फूल. बिहूला नाचणाऱ्या मुली अंबाड्यात माळतात. आमच्याकडे माळायला अबोली आणि सुरंगी. नाव वेणी, पण मी तरी ती कोणाच्या केसांत पाहिलेली नाही.

"मग आम्हाला एक द्या" हा पुढचा प्रश्न. रानातून ओरबाडून देणार नाही. पडलेल्या फांदीवर मिळाली तर जरूर. कुंडीत माती घालून लावू नका, मुळं कुजतात.

यंदा गडी खाली उतरला, घाम पुसला आणि म्हणाला, "बांडगूळ नाय, तर माका एक दिशात?" एका वठलेल्या फांदीवरचा झुबका तसाही हलवायचा होता. म्हटलं, फणसाला बांध, मृगाचा पाऊस पडल्यावर. तो घेऊन गेला. सुंभही माझाच नेला.