युनिकोडपूर्व मराठी पानं आज वाचायची तर: माझा अनुभव

नाशिकसंबंधी जुनी मराठी संकेतस्थळं वेबॅक मशीनमध्ये (जुन्या संकेतस्थळांच्या प्रती जपणाऱ्या संग्रहात) सापडली, तरी नव्या ब्राउझरमध्ये अक्षरांऐवजी चिन्हांचा खिचडा दिसतो. युनिकोड ही सगळ्या लिप्यांची समान संकेतपद्धत रुळण्याआधी प्रत्येक फाँटचे अक्षरांचे संकेत वेगळे असायचे. त्या काळी फाँट पानासोबत उतरायचा: इंटरनेट एक्सप्लोरर ब्राउझरसाठी ईओटी प्रकारची फाइल, नेटस्केप ४ ब्राउझरसाठी पीएफआर. यातला ईओटी बहुधा मूळ संकेतस्थळाच्या पत्त्याला बांधलेला असतो, म्हणून जतन केलेल्या पानावर तो चालत नाही. यावर माझा उपाय असा की, त्याच पानावर ‘फाँट डाऊनलोड करा’ अशी लिंक शोधायची आणि टीटीएफ (विंडोजमध्ये बसवायची नेहमीची फाँट फाइल) मिळवायचा; तो पुष्कळदा ईएक्सई किंवा झिप फाइलीत असतो.

लिंक मेलेली निघाली तर दुसऱ्या तारखेची प्रत उघडून बघा. वेबॅकच्या पत्त्यात तारखेच्या आकड्यांना लागून ‘आयडी’ (इंग्रजी लहान अक्षरांत) आणि अंडरस्कोर टाकलं की वेबॅकची पट्टी न लागता मूळ फाइल येते. उतरलेली फाइल दोन-चार केबीचीच असेल तर ते बहुतेक ‘पान सापडलं नाही’ असं सांगणारं पान असतं, नाव काहीही असो. नोटपॅडमध्ये उघडा: खऱ्या ईएक्सईची सुरुवात ‘एमझेड’ने होते, झिपची ‘पीके’ने. मोठी फाइलही अर्धवट जतन झालेली असू शकते, ते तपासायला सेव्हन-झिप या फाइली उलगडणाऱ्या प्रोग्रॅममधली ‘टेस्ट’ वापरतो. जुनी ईएक्सई १६-बिट असेल तर ६४-बिट विंडोज ती चालवतच नाही. पुष्कळदा सेव्हन-झिपनेच आतला टीटीएफ काढता येतो.

वाचायला मी ८६बॉक्समध्ये (नव्या संगणकात जुन्या संगणकाची नक्कल चालवणारा प्रोग्रॅम) विंडोज ९८ सेकंड एडिशन चालवतो. रॅम १२८ एमबी पुरते; ५१२ एमबीच्या वर गेलात तर ९८ कुरकुर करू लागतं. विंडोज काही फुकट झालेलं नाही, जुनी सीडी असेल तर तिचीच आयएसओ (सीडीची एका फाइलीतली प्रत) करा. (सीडी ड्राइव्ह नसेल तर यूएसबीला जोडायचा ड्राइव्ह संगणकाच्या दुकानात विचारा.) एक्सप्लोरर ५ त्यात असतोच, तेव्हा तो वेगळा शोधत बसू नका. एक्सप्लोरर ६ चा अर्ध्या एमबीचा सेटअप तर निरुपयोगीच, कारण बाकीच्या फाइली तो इंटरनेटवरून मागवतो आणि त्या आता तिथे मिळत नाहीत.

पानं आणि टीटीएफ नव्या संगणकावरच उतरवून आयएसओमध्ये भरा आणि ती ८६बॉक्सला जोडा. टीटीएफ ‘फाँट्स’ फोल्डरमध्ये टाकला की पान वाचता येतं.

मजकूर बाहेर काढताना मात्र कॉपी-पेस्ट केलं की पुन्हा खिचडाच. त्याच फाँटचा युनिकोड कन्व्हर्टर (जुने संकेत युनिकोडमध्ये बदलणारा प्रोग्रॅम) लागतो, दुसऱ्याचा चालवला तर जोडाक्षरं आणि रफार हमखास बिघडतात. तो नसेल तर मी सरळ स्क्रीनशॉट घेतो.