हात धरण्याचं काम

"तू केरळची का?" हा प्रश्न मला इथं आठवड्यातून एकदा तरी येतोच. भारतीय नर्स म्हटली की ती केरळचीच, असं इंग्लंडनं ठरवून टाकलंय. मी मिरजेची. मँचेस्टरमध्ये डोळ्यांच्या ऑपरेशन थिएटरमध्ये काम करते. नेमकं काय करतेस, असं गावाकडं कुणी विचारलं की मी सांगते, "हात धरते." मग सगळे हसतात. आत्या तर म्हणाली, "एवढ्यासाठी इतक्या लांब गेलीस?"

पण काम खरंच तेच आहे. मोतीबिंदूचं ऑपरेशन बहुतेक वेळा थेंब टाकून, डोळा बधिर करून होतं. माणूस पूर्ण जागा असतो. तोंडावर निळं कापड, डोळ्यापुरती खिडकी. त्यानं बोलायचं नाही, हलायचं नाही. ठसका लागला, कळ आली, घुसमटायला लागलं, तर माझा हात दाबायचा. मी "थांबा" म्हणते आणि सर्जन हत्यार बाहेर काढतात. बाकीचा वेळ मी नुसती बसून असते. दिवसाला आठ-नऊ हात. गवंड्यांचे, शिक्षिकांचे, एकदा तर निवृत्त जादूगाराचा.

त्या दिवशी यादीत तिसरे होते ते आजोबा. (नाव सांगणार नाही, एक-दोन तपशीलही बदललेत.) वय ऐंशीच्या पुढं, मूळचे यॉर्कशरमधल्या कीथलीजवळचे, मुलगी मँचेस्टरला म्हणून इकडं येऊन राहिलेले. जन्मभर छापखान्यात अक्षरांचे खिळे जुळवले. डावा डोळा लहानपणीच गेलेला. म्हणजे आमच्या भाषेत 'ओन्ली आय', एकच डोळा. फाइलवर हे शब्द दिसले की थिएटरमध्ये कुणी गाणी लावत नाही.

आजोबांनी आल्या आल्या भांडण काढलं. मुलीला आत घ्या म्हणाले. आमच्या सिस्टर इन्चार्ज नाही म्हणाल्या, नियम आहे. आजोबा म्हणाले, "1846 साली चालत होतं. इथनं चालत पंधरा मिनिटांवर. पॅट्रिक ब्रॉन्टेचा मोतीबिंदू काढला तेव्हा मुलगी खोलीतच होती."

"1846 साली जंतूंमुळे आजार होतात हेही सिद्ध व्हायचं होतं," सिस्टर म्हणाल्या आणि निघून गेल्या. मुलगी साठीची, हातात गाडीची किल्ली. ती मला हळूच म्हणाली, "मला आत यायचंच नाहीये. मला रक्त बघवत नाही. पण त्यांना सांगू नका." आणि पार्किंगचे पैसे भरायला गेली.

बाहुली मोठी व्हायला थेंब टाकल्यावर अर्धा तास बसून राहावं लागतं. त्या अर्ध्या तासात आजोबांनी मला ब्रॉन्टे मंडळी शिकवली, म्हणजे पाद्री पॅट्रिक आणि त्याच्या कादंबऱ्या लिहिणाऱ्या मुली. मला ठाऊक होतं ते एवढंच: बारावीला 'जेन एअर'चा एक उतारा होता, आणि त्या बहिणी लवकर गेल्या. आजोबा बोलत होते ते मात्र शेजारच्या घराबद्दल बोलावं तसं. यॉर्कशरमधल्या हॉवर्थ गावचं ते पाद्र्याचं घर, समोर कबरस्तान, मागं माळ. आई 1821 मध्ये गेली, 1825 मध्ये थोरल्या दोघी, मारिया आणि एलिझाबेथ, शाळेत आजारी पडून गेल्या. राहिली चार: शार्लट, ब्रॅनवेल, एमिली, ॲन. 1826 च्या जूनमध्ये बाप लीड्सला गेला आणि ब्रॅनवेलसाठी 12 लाकडी शिपाई घेऊन आला. चौघांनी एकेक उचलला. शार्लटचा झाला ड्यूक ऑफ वेलिंग्टन, ब्रॅनवेलचा बोनापार्ट. त्या शिपायांसाठी आफ्रिकेच्या किनाऱ्यावर एक राज्य वसवलं, ग्लास टाऊन. ही चार पोरं म्हणजे त्या राज्याचे जिन. नावंसुद्धा ठरलेली: टॅली, ब्रॅनी, एमी, ॲनी.

"आणि शिपायांना वाचायला काहीतरी नको का, लव्ह?" आजोबा म्हणाले. (इकडचे म्हातारे सगळ्यांनाच 'लव्ह' म्हणतात. पहिल्या वर्षी मी दचकायचे.) "मग त्यांच्या मापाची पुस्तकं केली. काड्यापेटीएवढी. साखरेच्या पुड्यांचा कागद, सुईदोऱ्यानं शिवलेला. अक्षर छापल्यासारखं. मी आयुष्यभर सहा पॉइंटाचे खिळे उचलले, पण ते अक्षर पाहून हात टेकले."

मी विचारलं, "एवढं बारीक कसं लिहायच्या?"

"तेच तर. बापाला वाचता येऊ नये म्हणून असेल."

मला हे पटलं नाही, पण तेव्हा काही बोलले नाही. नंबर लागला होता.

सुरुवात छान झाली. आजोबांचा हात कोरडा, गरम, अंगठ्याला घट्टा. दहाव्या मिनिटाला सर्जन बोलता बोलता थांबले. ऑपरेशनमध्ये कुणी ओरडत नाही, उलट आवाज खाली जातो. त्यांनी अगदी हळू, चहा मागावा तसं, ट्रॉलीवर नसलेलं एक यंत्र मागितलं. ते यंत्र कशासाठी लागतं ते खोलीतल्या सगळ्यांना माहीत होतं. भिंगाच्या मागची पिशवी फाटली होती. ती प्लास्टिकच्या कागदाहून पातळ असते. फाटली की मागचा जेलीसारखा द्रव पुढं येतो, तो सगळा साफ करावा लागतो, नवं भिंग कुठं बसवायचं हे नव्यानं ठरवावं लागतं. शंभरात एखाद-दुसऱ्या वेळी होतंच हे, आणि बहुतेक वेळा निभावतं. पण ओन्ली आय.

त्यांनी बधिर करायचं आणखी औषध दिलं. कापडाखाली आजोबा गप्प. मी घड्याळ बघत नव्हते, बघायचं नसतंच. मग हात दाबला गेला. "थांबा," मी म्हटलं. सगळं थांबलं.

कापडाखालून आवाज आला, "पंधरा मिनिटं झाली का?"

सर्जन माझ्याकडं बघायला लागले. पंधराच का, हे खोलीत फक्त मला माहीत होतं. पॅट्रिक ब्रॉन्टेचं ऑपरेशन बरोबर पंधरा मिनिटं चाललं होतं, बाहेर बसलेलो असताना आजोबांनीच सांगितलं होतं.

"झाली," सर्जन म्हणाले. "तुमच्या डोळ्यानं मला जरा जास्त काम दिलंय. अजून अर्धा तास तरी लागेल. थांबाल ना?"

"मी कुठं जाणार," आजोबा म्हणाले.

पन्नास मिनिटं लागली. शेवटी माझ्या बोटांना मुंग्या आल्या होत्या, पण हात बदलता येत नाही. हात बदलला की माणसाला वाटतं काहीतरी झालंय. भिंग बसलं. डोळ्यावर प्लास्टिकची वाटी चिकटवली. बाहेर मुलीनं "एवढा वेळ?" एवढंच विचारलं आणि माझा चेहरा बघून पुढचं विचारलं नाही.

त्या रात्री झोप येईना म्हणून मी वाचायला बसले. पुढं दोन-तीन महिने वाचतच होते.

आजोबांची माहिती पक्की निघाली. 1846 च्या ऑगस्टमध्ये आधी शार्लट आणि एमिली दोघीच मँचेस्टरला आल्या, सर्जन शोधायला. विल्सन नावाचे डॉक्टर होते. मोतीबिंदू पिकलाय की नाही हे वर्णनावरून सांगता येणार नाही, म्हणाले. (पिकणं हा आपला शब्द तिथंही चालायचा हे वाचून मला उगाच बरं वाटलं.) मग शार्लट बापाला घेऊन आली आणि ऑक्सफर्ड रोडजवळच्या बाउंडरी स्ट्रीटवर भाड्याच्या खोल्यांत उतरली. 25 ऑगस्टला तिथंच, त्या खोलीत, ऑपरेशन झालं. वय 69. गुंगी नाही, डोळा बधिर करायचं औषध नाही. ईथर देऊन जगासमोर पहिलं ऑपरेशन बॉस्टनला झालं ते 16 ऑक्टोबर 1846 ला, म्हणजे म्हातारबाबा दोन महिन्यांच्या आतच हुकले. बाहुली मोठी करायला बेलाडोना या झाडाचा अर्क टाकला होता. डोळ्यात टाकायचं ॲट्रोपिन हे औषध त्याच झाडातलं. पॅट्रिकनं घरच्या वैद्यकाच्या पुस्तकाच्या समासात सगळं टिपून ठेवलंय: पंधरा मिनिटं, आगीसारखी जळजळ, पण असह्य नाही.

बापाच्या इच्छेनं शार्लट खोलीत होती. तिनं मैत्रिणीला, एलन नसीला, लिहिलंय की काम संपेपर्यंत मी बोलले नाही, हलले नाही. हे वाचून मी पुस्तक मिटलं. ही माझ्या कामाची व्याख्या आहे. आमच्या ट्रेनिंगच्या कागदात याच्यासाठी चार पानं खर्च केलीत.

नंतर महिनाभर अंधाऱ्या खोलीत, सुरुवातीला नुसतं पाठीवर. मदतीला नर्स ठेवली. तिच्या जेवणाचं काय करायचं, तिला साजेसं काही जमेल का, ही शार्लटला आधीपासून चिंता. आणि नर्स आल्यावर? फार पुढंपुढं करते, विश्वास ठेवण्याजोगी वाटत नाही, असा शेरा. एकशे ऐंशी वर्षांनी मला त्या बाईचा राग आला. शार्लटचा, नर्सचा नाही.

ऑपरेशनच्याच दिवशी शार्लटची पहिली कादंबरी प्रकाशकाकडून परत आली होती. आधी मे महिन्यात तिघी बहिणींनी पुरुषी नावांनी कवितांचं पुस्तक काढलं होतं, त्याच्या दोन प्रती खपल्या. घरी भाऊ दारूत बुडालेला. स्वतःची दाढ ठणकत होती. आणि शेजारच्या खोलीत डोळ्यांवर पट्टी बांधून बाप पडलेला असताना तिनं 'जेन एअर' सुरू केली. तिचा नायक शेवटी आंधळा होतो, एक डोळा कायमचा जातो, दुसऱ्यानं दोन वर्षांनी दिसायला लागतं. लोक याच्यात मोठमोठे अर्थ शोधतात. मला त्यात बाउंडरी स्ट्रीट दिसतो. (त्याच कादंबरीत एक पाद्री जेनला हिंदुस्तानी शिकायला लावतो, भारतात नेण्यासाठी. बारावीच्या उताऱ्यात हे असतं तर आम्ही जरा जागे राहिलो असतो.)

पण मला सगळ्यात जास्त लागलं ते दुसरंच. शार्लटच्या एका शाळासोबतिणीनं सांगितलेलं एलिझाबेथ गॅस्केल यांनी लिहिलेल्या शार्लटच्या चरित्रात आहे. शार्लटला लांबचं इतकं कमी दिसायचं की पुस्तक दिलं की मान खाली जायची आणि नाक जवळजवळ पानाला टेकायचं. मान वर कर म्हटलं की मानेबरोबर पुस्तकही वर. माझा नंबर उणे नऊ आहे. शाळेत मला 'ढापणी' म्हणत, आणि बाई फूटपट्टीनं माझी हनुवटी वर करायच्या. वहीही वर यायची. हे कुणी शिकवलेलं नसतं. आमच्यासारख्यांना फळा दिसत नाही, पण चष्मा काढला की नाकापासून अर्ध्या वितीच्या आत असं दिसतं, जे चांगल्या डोळ्यांच्या माणसाला भिंगाशिवाय दिसत नाही. मुंगीच्या पायाची कांडीसुद्धा.

म्हणून आजोबांचं म्हणणं मला पटलं नव्हतं. बापाला वाचता येऊ नये, हा फायदा असेल, आणि शिपायांच्या मापाचं करायचं हे तर होतंच. पण निदान शार्लटचं तरी ग्लास टाऊन तिथं होतं जिथं तिला स्वच्छ दिसायचं. ब्रॅनवेलचं अक्षरही तेवढंच बारीक होतं आणि तो चष्मा लावायचा, हे वाचून तर मी घरात एकटीच मोठ्यानं हसले. एमिली आणि ॲन यांनी पुढं आपलं वेगळं राज्य काढलं, गोंडाल. 1845 मध्ये दोघी यॉर्कच्या सहलीला गेल्या तेव्हा वाटभर त्यातल्याच राजपुत्रांचं आणि राजकन्यांचं नाटक करत होत्या. वयं 26 आणि 25. त्या राज्याच्या गद्य कथा सगळ्या गेल्या, कविता तेवढ्या राहिल्या.

'जेन एअर' 1847 मध्ये छापून आली, गाजली, तरी बापाला पत्ता नाही. शेवटी शार्लट पुस्तक घेऊन त्याच्या खोलीत गेली. मी पुस्तक लिहिलंय, तुम्ही वाचा. तो म्हणाला, माझ्या डोळ्यांना फार ताण पडेल गं. तिनं सांगितलं, हस्तलिखित नाही, छापलेलं आहे. चहाच्या वेळी तो बाहेर आला आणि म्हणाला, पोरींनो, शार्लटनं पुस्तक लिहिलंय, आणि वाटलं होतं त्यापेक्षा पुष्कळच बरं आहे.

ऑपरेशन झालेल्या त्या एका डोळ्यानं बापानं पुढं ब्रॅनवेल, एमिली, ॲन यांची आजारपणं पाहिली, 1848 च्या सप्टेंबरपासून पुढच्या मेपर्यंत, आठ महिन्यांत तिघं. 1855 मध्ये शार्लट. तो 1861 पर्यंत होता. आमच्या नोंदवहीत ऑपरेशन यशस्वी म्हणजे तक्त्यावरच्या किती ओळी वाचता आल्या, एवढंच असतं.

आजोबा सहा आठवड्यांनी तपासणीला आले. तक्त्यावरची शेवटून तिसरी ओळ वाचली आणि त्या अक्षरांच्या वळणाला नावं ठेवली. मुलगी म्हणाली, दिसायला लागल्यापासून घरातल्या कोपऱ्याकोपऱ्यातली धूळ दाखवतायत. मी विचारलं, पुस्तकं कुठं बघायला मिळतील? "हॉवर्थला जा," ते म्हणाले. "2019 मध्ये त्यातलं एक पॅरिसच्या लिलावातून परत आणलंय. सहा लाख युरो. शिपायांना परवडलं नसतं."

मेमध्ये सुट्टीच्या दिवशी गेले. कीथलीपर्यंत ट्रेन, पुढं बस, मग तो दगडी चढ. आत गर्दी होती. ज्या मेजाभोवती तिघी फेऱ्या मारत एकमेकींना वाचून दाखवायच्या ते मेज बघितलं आणि पुढं सरकले. लहान पुस्तकं काचेखाली होती. उभी राहून बघितलं तर कागदावर नुसती राखाडी सावली. मी चष्मा काढला, वाकले आणि नाक काचेला लावलं. आधी मुंग्यांची रांग. मग एक 'द'. मग अर्धी ओळ.

काचेवर माझ्या श्वासाची वाफ धरली. तिथल्या बाई फडकं घेऊन आल्या, काच पुसली आणि अदबीनं म्हणाल्या, बघायला भिंग आहे, हवं तर.

मी म्हटलं, "नको, मला दिसतंय."