राजाचं रानडुक्कर होतं, तरी तो इतिहास?

तुम्ही विचारलंत म्हणून लिहिते. प्राचीन आर्मेनियाबद्दल कुठे बोलायला गेले की शेवटी हा प्रश्न हमखास येतो: ज्या ग्रंथात राजाचं रानडुक्कर होतं, त्याला इतिहास कसं म्हणायचं? विचारणारा मिश्कील हसतो, सभागृहात खसखस पिकते आणि वेळ संपलेली असते. मला आर्मेनियन येत नाही, हे ग्रंथ मी इंग्रजी अनुवादातूनच वाचते. तरी उत्तर द्यायचा प्रयत्न करते.

आधी ते डुक्कर बघू. ग्रंथ अगाथांगेलोसच्या नावावरचा. राजा त्रदात तिसरा ख्रिस्ती होऊ पाहणाऱ्यांचा छळ करतो. ग्रिगोर या ख्रिस्ती धर्मप्रचारकाला तो खोल खड्ड्यात टाकतो, तिथे एक विधवा रोज वरून भाकरी टाकून त्याला तेरा वर्षं जगवते. मग रोमहून पळून आलेली ह्रिप्सिमे नावाची कुमारिका राजाला हवी असते. तो धिप्पाड पैलवान गडी, पण ती त्याला झोंबाझोंबीत हरवते. तो तिला आणि तिच्या सोबतिणींना ठार मारवतो, शिकारीला निघतो आणि वाटेतच त्याचं डुक्कर होतं. राजाच्या बहिणीला स्वप्न पडतं, ग्रिगोरला वर काढलं जातं. आता गंमत बघा. राजा लगेच माणूस होत नाही. त्याच अवस्थेत त्याला ग्रिगोरची लांबलचक शिकवण ऐकावी लागते. (ती ग्रंथात एवढी लांब आहे की मी दर वेळी पानं उलटते. राजाला ती सोय नव्हती.) मग आधी त्याचे फक्त हातपाय सुटतात, तेही कशासाठी, तर मारल्या गेलेल्या त्या बायकांची थडगी खणता यावीत म्हणून. पुढे तो मासिस पर्वतावरून, म्हणजे आपण ज्याला अरारात म्हणतो तिथून, स्वतः दगड वाहून आणतो.

आता, डुक्करच का? बायबलमधल्या दानिएलाच्या पुस्तकात राजा नबुखद्नेस्सर बैलासारखं गवत खातो. लेखकाच्या डोळ्यांपुढे ते उदाहरण आहेच. पण त्याने बैल घेतला नाही. आर्मेनियाचं राजघराणं मुळात पार्थियन, इराणी वळणाचं. इराणी परंपरेत विजयाचा देव वेरेथ्रघ्न ज्या रूपांत प्रकटतो त्यांतलं एक रूप म्हणजे रानडुक्कर. आर्मेनियात त्याचाच अवतार वाहाग्न, आणि त्रदात त्याचा भक्त. इराणवर राज्य करणाऱ्या सासानी घराण्याच्या बादशहाच्या मोहरेवरही रानडुक्कर होतं. दुसऱ्या एका आर्मेनियन ग्रंथात शापूर बादशहा आर्मेनियाच्या राजाला अभयवचन म्हणून मीठ पाठवतो, त्या मोहरेने मुद्रांकित केलेलं. म्हणजे जे जनावर राजाच्या पराक्रमाचं चिन्ह होतं, त्याच रूपात त्याला नाक घासायला लावलंय. ही कथा रचणारा आणि ऐकणारा दोघंही ख्रिस्ती झाले होते, पण इराणी राजचिन्हांची भाषा दोघांच्या अंगात मुरलेली होती. एवढा पुरावा साध्या सनावळीतून मिळाला नसता.

फसवणूक आहे ती ग्रंथाच्या पहिल्या पानांवर, आणि तिथे कुणी हसत नाही. लेखक गंभीरपणे सांगतो, की मी रोमचा रहिवासी, त्रदात राजाचा लेखनिक, त्याच्याच आज्ञेने डोळ्यांदेखत घडलेलं लिहितोय. राजाचं धर्मांतर चौथ्या शतकाच्या आरंभीचं. परंपरा 301 म्हणते, बरेच अभ्यासक 314च्या आसपास नेतात. आणि आर्मेनियन लिपी? ती मेस्रोप माश्तोत्सने घडवली 405च्या सुमारास. तोवर चर्चमध्ये ग्रीक आणि सिरियाक चालायचं. आज हातात आहे तो ग्रंथ पाचव्या शतकातला, घटनेनंतर शंभराहून अधिक वर्षांनी लिहिलेला. डुक्कर बघून वाचक सावध होतो. ‘मी स्वतः पाहिलं’ हे वाचून बेसावध होतो. माझं सगळं म्हणणं एवढंच आहे.

पाचव्या शतकातच एकदम एवढे इतिहासकार का उगवले, हेही त्यातच आलं. लिपी आली आणि पंचवीसेक वर्षांत, 428 साली, राजघराणं संपलं. गादी नाही, वर सासानी अंमल, देश सरदारघराण्यांत वाटलेला. लिहिता येणारे सगळे धर्माधिकारी, आणि पोशिंदे सरदार. त्यांतलं सर्वांत बडं घराणं मामिकोन्यान. आपल्याकडच्या बखरी वाचलेल्यांना पुढचं सांगायला नको.

त्या काळातला माझा सर्वांत आवडता ग्रंथ ‘बुझांदारान’, म्हणजे वर उल्लेख केला तो मिठाचा. 470च्या दशकातला, लेखकाचा पत्ता नाही, आणि भाटांच्या तोंडच्या कथांनी भरलेला. त्यात शापूर दुसरा आर्मेनियाच्या अर्शक राजाला बोलावून घेतो. मिठाला जागायचा इरादा अर्थातच नाही. ज्योतिषी सल्ला देतात, त्याप्रमाणे आर्मेनियातून माती आणि पाणी मागवलं जातं. तंबूच्या अर्ध्या जमिनीवर ती माती पसरून पाणी शिंपडतात, उरलेली अर्धी इराणची माती. शापूर अर्शकचा हात धरून येरझाऱ्या घालू लागतो. इराणी मातीवर ‘वैर का धरलंस’ असं विचारलं, तर अर्शक पाया पडतो, चुकलो म्हणतो. आर्मेनियाच्या मातीवर पाय पडला की आवाज चढतो: दूर हो, चाकराचा धनी झालास, माझ्या पूर्वजांचा सूड मी घेणारच. परत इकडे, परत नरम. दिवसभर हेच. रात्री मेजवानीत त्याला मुद्दाम शेवटच्या जागी, आपल्याच मातीवर बसवतात. तो उठून बादशहाला म्हणतो, ऊठ, ती जागा माझी आहे. तिथेच बेड्या.

भाकडकथा? मातीपुरती असेल. पण अम्मियानुस मार्सेलिनुस हा रोमन इतिहासकार, ज्याला या कथेशी काही देणंघेणं नाही, तोही लिहितो, की शापूरने अर्शकला मेजवानीला बोलावून पकडलं, डोळे काढले आणि चांदीच्या साखळ्यांत कैद केलं. मेजवानी खरी, दगा खरा. वर मातीची गोष्ट सांगते, की रोम आणि इराण या दोन सत्तांच्या मधल्या राजाचं वागणं त्याच्या माणसांना कसं दिसत होतं.

आता उलट बाजूचं उदाहरण. 451 साली अवारायरच्या मैदानात वर्दान मामिकोन्यान सासानी फौजेशी लढताना पडला. यझ्देगर्द दुसऱ्याने जरथुश्त्री धर्म लादायचा प्रयत्न केला, त्यातून ही लढाई. येघिशे आणि लाझार पार्पेत्सी या दोघांनी ती सविस्तर लिहिली आहे. चमत्कार फार नाहीत, ओघवतं गद्य, पत्रं, फर्मानं, भाषणं. आणि खलनायक एकच: वासाक, स्युनीक प्रांताचा सरदार, इराणने नेमलेला सुभेदार. त्याचे मुलगे इराणी दरबारात ओलीस होते, हे या ग्रंथांतूनच कळतं. पण त्याचं वजन कुणी निवाड्यात धरत नाही. दोघांच्या वर्णनात मक्कबींच्या पुस्तकांची, म्हणजे धर्मासाठी लढलेल्या ज्यू वीरांच्या कथांची भाषा उतरली आहे, म्हणजे वर्दान कोण हे लेखणी उचलतानाच ठरलेलं. वासाकने स्वतःची हकिगत लिहिली असती तर? त्याच्या पदरी लेखक नव्हता.

तरी येघिशेला मोडीत काढू नका. विरोधकांचं खंडन करायला म्हणून त्याने झुर्वान देवाच्या जुळ्या मुलांची, भला ओर्मझ्द आणि दुष्ट आह्रिमान यांची कथा टिपून ठेवली. तीच कथा त्याच शतकातल्या येझ्निक या आर्मेनियन धर्मपंडितानेही दिली आहे. सासानी काळातली ही बाजू खुद्द जरथुश्त्री ग्रंथांत फारशी उरली नाही. पारशी धर्माचा इतिहास शोधणाऱ्यांना ती या कडव्या विरोधकांच्या दारी जाऊन मागावी लागते. आणि ग्रंथाच्या शेवटी कैदेतल्या सरदारांच्या बायकांचं वर्णन आहे, तिथे तर मी दर वेळी थांबते. हातावर पाणी घालायला कुणी नाही, शेजघरांत कोळ्यांनी जाळी विणलेली, बर्फ वितळतं, पाकोळ्या परत येतात, माणसं येत नाहीत.

मोवसेस खोरेनात्सीबद्दल थोडक्यातच. त्याला आर्मेनियन इतिहासाचा जनक म्हणतात. तो स्वतःला पाचव्या शतकातला, माश्तोत्सचा शिष्य म्हणवतो. काही अभ्यासक त्याला थेट आठव्या शतकात ढकलतात आणि त्यावर कडाक्याची भांडणं होतात. वाहाग्नच्या जन्माचं जुनं गाणं मात्र त्याच्यामुळेच उरलं.

सुरुवात कुठून करू, असं विचाराल तर ‘बुझांदारान’पासून. त्यानंतर लाझारने वाहान मामिकोन्यान या सरदाराला लिहिलेलं पत्र वाचा. मठातल्या विरोधकांनी त्याला हुसकावलं, तेव्हा त्याने अमिदहून ते लिहिलं, आणि त्या विरोधकांना असं काही झोडपलं आहे की वाचताना आपण नकळत त्याच्या बाजूने होतो. त्यांचं उत्तर काय होतं, ते कुठेच उरलेलं नाही.