दिवाडीवर एका घटिकेचा परत-परवाना: माझा अनुभव

दिवाडी हे गोव्यातलं मांडवी नदीतलं बेट. इथलं आपलं घर काळात एक घटिका मागे नेण्याचा काळमांत्रिकांच्या मंडळाचा परवाना आता हातात आहे. मंत्र सोपा असतो, कुणालाही पाठ होतो. अर्ज अडतो तो वेळेच्या रकान्यावर, म्हणून त्यावरच जास्त लिहितो.

परवाना प्रसंगाच्या आधी काढून ठेवायचा असतो. वीज पडून इन्व्हर्टर जळाल्यावर केलेला अर्ज उघडूनसुद्धा पाहत नाहीत. मुदत वर्षाची, वापर एकदाच, आणि नुकसान झाल्यापासून एका घटिकेच्या, म्हणजे २४ मिनिटांच्या आत मंत्र सुरू झाला पाहिजे.

कागदांत फॉर्म १ व १४ चा (गोव्यातला सातबाराच म्हणा) ताजा उतारा, घराचा आराखडा, लगतच्या शेजाऱ्यांची ना-हरकत आणि नोटरीसमोरचं प्रतिज्ञापत्र. गोव्याच्या नागरी कायद्यात मालमत्ता सहसा नवरा-बायकोची सामाईक, तेव्हा दोघांच्याही सह्या हव्यात. उताऱ्यावर आजोबांच्या काळातली नावं असतील तर सगळे वारस शोधा. एखादा हमखास लिस्बनला असतो.

आता वेळ. ६० विपळांचं पळ, ६० पळांची घटिका, ६० घटिकांचा अहोरात्र, मोजणी सूर्योदयापासून. पळ २४ सेकंदांचं. बहुतेक जण मोबाइलवरच्या वेळेला भागाकार करून आकडा भरतात आणि खिडकीवरून कागद परत येतो: “बाब, हो घड्याळाचो वेळ. तुमच्या घराचो खंय?” कारकुनाचं बरोबरच आहे. मोबाइलवरची वेळ ८२.५ अंश पूर्व रेखांशाची, तिकडे मिर्झापूरजवळची. दिवाडी साधारण ७३ अंश ५४ कलांवर (६० कलांचा एक अंश). फरक ८ अंश ३६ कला. अंशाला ४ मिनिटं धरली की ३४ मिनिटं २४ सेकंद, म्हणजे १ घटिका २६ पळं. एवढी वजा केली की स्थानिक मध्यम वेळ मिळते.

इथवर पुष्कळ जण पोचतात, वेलांतर, म्हणजे खऱ्या सूर्याच्या आणि मध्यम वेळेतला फरक, मात्र विसरतात. सूर्य काही घड्याळाच्या शिस्तीत चालत नाही. नोव्हेंबरच्या सुरुवातीला तो मध्यम वेळेच्या सुमारे १६ मिनिटं पुढे असतो, फेब्रुवारीच्या मध्याला १४ मिनिटं मागे. पुढे असेल तर मिळवायचं, मागे असेल तर वजा. एप्रिलच्या मध्यात आणि १ सप्टेंबरच्या आसपास ही दुरुस्ती जवळजवळ शून्य होते. गणिताची भीती असेल त्याने तेव्हाच अर्ज करावा. गोव्याच्या पूर्व सीमेजवळच्या मोलेतल्या पाहुण्याचा आकडा मात्र उतरवून घेऊ नका. गोव्याच्या पश्चिम आणि पूर्व टोकांत सुमारे ४० कलांचं अंतर आहे, म्हणजे २ मिनिटं ४० सेकंद, आणि मंडळ चूक चालवून घेतं ती फक्त एका पळाची.

त्यानंतर तपासनीस घरी येऊन घटिकापात्र तपासतो. तळाला बारीक भोक असलेली तांब्याची अर्धगोल वाटी घंगाळातल्या पाण्यावर सोडायची. ती बरोबर एका घटिकेत बुडली पाहिजे. सलग तीन वेळा. पात्र नापास होतं ते बहुधा पाण्यामुळे. एप्रिल-मेमध्ये खाडीकाठच्या विहिरी मचूळ होतात. खारं पाणी जड, त्यात वाटी उंच तरंगते, आत पाणी सावकाश शिरतं आणि ती उशिरा बुडते. पावसाळ्यात तांबडी माती भोकात बसते, तेव्हाही उशीरच. पहाटेचं गार पाणी किंचित दाट असतं, त्यानेही थोडा फरक पडतो. म्हणून अर्ज एप्रिलमध्ये करा, पण पाणी नळाचं घ्या, फडक्यातून गाळा आणि रात्रभर घरातच ठेवा. वेळ जुळत नाही म्हणून कुणी भोक मोठं करायला सांगितलं तर ऐकू नका. मोठं झालेलं भोक पुन्हा लहान होत नाही.

बेटावरच्यांसाठी खरी मेख खाजनाची, म्हणजे बांध घालून खाऱ्या पाण्यापासून राखलेल्या सखल शेताची आहे. अर्जातल्या हद्दीत खाजन शेताचा तुकडाही आला तर परवाना नाही, आणि मला हा नियम रास्त वाटतो. मानशीची (बांधातल्या पाण्याच्या वाटेची) दारं भरतीच्या दाबाने मिटतात, ओहोटीला उघडतात. शेत एक घटिका मागे गेलं तरी नदी जात नाही: बाहेर मांडवी चढलेली आणि आत दार अजून उघडंच. खारं पाणी सरळ भातशेतात. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणात तर बांधच जायचा. तेव्हा आराखड्यावर बांधाची रेघ ठळक काढा आणि हद्द तिच्या अलीकडेच थांबवा.

शेवटी सभा. मंडळाची रीत गोव्यातल्या जुन्या गांवकारीसारखी (गावच्या मूळ कुटुंबांच्या सभेसारखी) एकमताची, एकानेही ‘नाका’, म्हणजे नको, म्हटलं की अर्ज पुढच्या बैठकीला. कारणाच्या रकान्यात ‘वस्तू वाचवणे’ एवढंच लिहावं. भांडणात तोंडातून गेलेला शब्द परत घेण्यासाठी परवानगी देत नाहीत, आणि लांबलचक कारण दिसलं की त्यांना नेमका तोच संशय येतो. प्रश्न आलाच तर आकड्यानिशी उत्तर द्या.

परवान्याला शिक्क्याचा नकाशा जोडलेला असतो. तो तिथेच उघडून पाहा. गोठा किंवा विहीर तांबड्या रेघेबाहेर राहिली असेल तर दुरुस्ती सात दिवसांत मागता येते; त्यानंतर नवा अर्ज, नव्या सह्या.